प्रिटोरियन शरीररक्षकांच्या मागावर: रोममधील एका मार्गदर्शित फेरीचे परीक्षण

रोममध्ये चार दिवस हाताशी असताना त्यांतला अर्धा दिवस एका जुन्या तटापाशी, टेकडीवरच्या एका भुयारी मार्गात आणि एका ठेंगण्या कमानीपाशी घालवावा का, असे निघण्यापूर्वी दोन मैत्रिणींनी मला विचारले होते. फेरी करून आल्यावर माझे उत्तर ‘अवश्य घालवावा’ असे आहे, आणि ते का, हे सविस्तर सांगण्यासाठी हा मजकूर लिहीत आहे. ही फेरी रोमन सम्राटांच्या शरीररक्षक दलावर, म्हणजे प्रिटोरियन गार्डवर, बेतलेली असून स्थानिक मार्गदर्शकांचा एक छोटा गट ती चालवतो. कालावधी चार तासांचा, भाषा इंग्रजी, गटात जास्तीत जास्त दहा जण, आणि पॅलेटाइन टेकडी (जिथे सम्राटांचे राजवाडे होते) व रोमन फोरम (प्राचीन रोमचा मुख्य चौक) यांचे प्रवेशशुल्क धरून माणशी ७० युरो. आम्ही तिघे होतो: मी, माझे यजमान आणि राज्य राखीव पोलीस दलातून निवृत्त झालेले माझे ७२ वर्षांचे सासरे. आयुष्यभर पहारा केलेला माणूस सोबत असल्यामुळे या फेरीकडे पाहण्याची माझी दृष्टीही बरीच बदलली, हे आधीच सांगते.

सुरुवात मेट्रोच्या ‘बी’ मार्गावरील कास्त्रो प्रेतोरियो स्थानकाबाहेर होते. स्थानकाच्या नावातच प्रिटोरियन छावणी आहे, पण रोज तिथून जाणाऱ्या-येणाऱ्यांना ती क्वचितच आठवत असेल, कारण छावणीच्या जागेचा एक भाग राष्ट्रीय ग्रंथालयाने व्यापला आहे आणि दुसऱ्या भागात आजही इटालियन लष्कराची बराक आहे. बराकीत प्रवेश मिळत नाही. त्यामुळे आत काही पाहायला मिळेल या अपेक्षेने जाणाऱ्याची निराशा होईल, आणि फेरीच्या माहितीपत्रकात ही गोष्ट स्पष्ट लिहिलेली नाही. ती लिहायला हवी. पाहायचे ते बाहेरच्या बाजूने, रस्त्याच्या कडेने चालत. मात्र तिथे जे दिसते ते इतके बोलके आहे की आत न गेल्याची रुखरुख मला राहिली नाही.

छावणी सुमारे ४४० मीटर लांब आणि ३८० मीटर रुंद होती. तिचा तट काँक्रीटचा असून वरून विटांचे बांधकाम आहे. मार्गदर्शिकेने आम्हाला तटाच्या उत्तर बाजूला उभे केले आणि पाच मिनिटे काही न सांगता फक्त विटांकडे पाहायला लावले. सकाळचे ऊन तिरपे पडत होते. खालच्या भागातल्या विटा पातळ, एकसारख्या, सांधे नेमके. मग डोक्याच्या बऱ्याच वर एका ओळीत विटांचा रंग बदलतो, आणि नीट पाहिले की त्या ओळीत एक आड एक चौकोन दिसू लागतात. हे चौकोन म्हणजे मूळ तटावरचा दातेरी कठडा. इ.स. २७१ नंतर सम्राट ऑरेलियनने रोमभोवती नवी तटबंदी उभारली तेव्हा ही छावणी तिच्यात सामावून घेतली, तट उंच केला, आणि कठड्याच्या दातांमधल्या फटी विटांनी बुजवून त्यावर पुढचे काम चढवले. दाते भिंतीत गाडले गेले, पण पुसले गेले नाहीत. एकदा डोळ्याला ते सापडले की पुन्हा हरवत नाहीत. माझ्या सासऱ्यांनी ते बोटाने दाखवत मोजायला सुरुवात केली आणि गट पुढे निघाला तरी ते तिथेच थांबले होते.

या तटाचे महत्त्व मार्गदर्शिकेने फार नेटके मांडले. पहिला रोमन सम्राट ऑगस्टस याने इ.स.पूर्व २७ मध्ये हे दल उभे केले तेव्हा त्याच्या नऊ तुकड्या होत्या, पण रोममध्ये त्याने तीनच ठेवल्या आणि त्यांनाही एका ठिकाणी कायमची छावणी दिली नाही. बाकीच्या आसपासच्या गावांत पसरलेल्या होत्या. इतकी शस्त्रधारी माणसे राजधानीत एकत्र आली तर काय होईल, हे यादवी युद्धातून वर आलेल्या त्या माणसाला कोणी सांगायची गरज नव्हती. पुढे त्याच्यानंतरचा सम्राट टायबेरियस याच्या कारकिर्दीत दलाचा प्रमुख सेजानस याने शिस्तीचे कारण पुढे करून सगळ्या तुकड्या शहराच्या कडेला एकाच तटाच्या आत आणल्या. छावणी इ.स. २३ मध्ये पूर्ण झाली. तीन वर्षांनी सम्राट काप्री बेटावर राहायला गेला आणि रोमचा कारभार प्रत्यक्षात सेजानसच्या हाती आला. सेजानस स्वतः इ.स. ३१ च्या १८ ऑक्टोबरला मारला गेला. सिनेटच्या, म्हणजे रोमच्या सरदारांच्या सभेच्या, बैठकीत सम्राटाचे पत्र वाचून दाखवले गेले, त्यात शेवटी त्याच्या अटकेचा हुकूम होता, आणि दलाची सूत्रे त्याआधीच गुपचूप मॅक्रो नावाच्या दुसऱ्या माणसाकडे गेली होती. सेजानस गेला, पण छावणी राहिली, आणि मला वाटते या साऱ्या इतिहासात हीच गोष्ट सर्वांत जड आहे. त्यानंतर जवळजवळ तीनशे वर्षे रोमच्या गादीवर ज्याला बसायचे असेल त्याला या तटाशी व्यवहार करावाच लागला.

सासऱ्यांनी इथे दोन प्रश्न विचारले, आणि मार्गदर्शिकेचा कस मला त्या उत्तरांत दिसला. पहिला प्रश्न पगाराचा होता. साध्या लीजनमधल्या, म्हणजे रोमन सैन्याच्या नेहमीच्या पथकातल्या, शिपायाला त्या काळी वर्षाला ९०० सेस्टर्स (रोमन नाणी) मिळत आणि त्याची नोकरी वीस-पंचवीस वर्षांची असे. प्रिटोरियन शिपायाचा पगार त्याच्या तिपटीहून अधिक, नोकरी १६ वर्षांची, आणि ती रोममध्ये. दुसरा प्रश्न होता: “रात्रीच्या पहाऱ्याचा परवलीचा शब्द कोण ठरवीत असे?” हा प्रश्न मला कधीच सुचला नसता. उत्तर असे की रोजचा परवलीचा शब्द स्वतः सम्राट देत असे, आणि राजवाड्यावर त्या दिवशी ज्याची तुकडी असेल तो अधिकारी तो शब्द घ्यायला सम्राटासमोर उभा राहत असे. टायबेरियसनंतरचा सम्राट कॅलिगुला याने कॅसियस केरिया या वयस्क अधिकाऱ्याच्या बारीक आवाजाची टिंगल करण्यासाठी त्याला मुद्दाम लाज वाटावी असे शब्द दिले, आणि केरियाला ते आपल्या शिपायांसमोर उच्चारावे लागले. बाबा हे ऐकून बराच वेळ काही बोलले नाहीत. मग मला म्हणाले, “सूनबाई, पहाऱ्यावरच्या माणसाला सगळ्यांसमोर असे बोलू नये. तो रात्रभर जागा असतो, आणि त्याच्या हातात हत्यार असते.” फेरीत पुढे जे ऐकले त्याची अर्धी किल्ली मला या वाक्यात मिळाली.

तटापाशीच मार्गदर्शिकेने इ.स. १९३ ची हकीकत सांगितली, आणि ती तिथेच सांगायला हवी होती. त्या वर्षी १ जानेवारीला पर्टिनॅक्स सम्राट झाला. त्याने दलाला शिस्त लावू पाहिली, आणि २८ मार्चला, म्हणजे अवघ्या ८७ दिवसांनी, छावणीतून निघालेल्या शिपायांनी राजवाड्यात शिरून त्याला ठार केले. खून करून ते छावणीत परतले आणि त्यांनी दरवाजे लावून घेतले. पर्टिनॅक्सचा सासरा सल्पिसियानस आत होता आणि गादी आपल्याला मिळावी म्हणून शिपायांशी बोलणी करीत होता. तेवढ्यात डिडियस ज्युलियानस नावाचा श्रीमंत सिनेट सदस्य तटाबाहेर आला आणि बाहेरूनच रक्कम ओरडून सांगू लागला. निरोप्ये आत-बाहेर करू लागले: समोरचा इतके देतो आहे, तुम्ही किती वाढवता? सल्पिसियानस माणशी २०,००० सेस्टर्सपर्यंत आला. ज्युलियानसने एकदम ५,००० वाढवले, हाताची बोटे दाखवून आकडा सांगितला, आणि दरवाजा त्याच्यासाठी उघडला. ही रक्कम शिपायाच्या सहा वर्षांच्या पगाराहून अधिक होती. कॅसियस डिओ हा इतिहासकार त्या वेळी स्वतः सिनेटमध्ये होता आणि त्याने या प्रसंगाला सरळ लिलाव म्हटले आहे. त्या विटांसमोर उभे राहून, तटाच्या आत कोण आणि बाहेर कोण हे हाताने दाखवत ही गोष्ट ऐकणे हा फेरीतला माझ्यासाठी सर्वोत्तम भाग होता. मार्गदर्शिकेने गोष्ट तिथेच तोडली आणि ज्युलियानसचे पुढे काय झाले ते फोरममध्ये सांगेन म्हणाली. लहान मुलासारखी मी ते ऐकण्याची वाट पाहत राहिले.

छावणीपासून पॅलेटाइन टेकडीपर्यंतचे अंतर तीन किलोमीटरच्या आसपास आहे आणि फेरीत ते मेट्रोने कापले जाते. बाबांच्या गुडघ्यांसाठी ते बरे झाले, हे मान्य करते. तरीही धडधाकट माणसांसाठी हा टप्पा पायी करण्याचा पर्याय ठेवायला हवा, कारण हे अंतर हाच या विषयाचा गाभा आहे. इथे मला या फेरीच्या रचनेबद्दल मुख्य आक्षेप नोंदवायचा आहे. फेरी छावणीकडून राजवाड्याकडे जाते. घटना मात्र बहुतेक वेळा उलट दिशेने घडल्या. पुढे सम्राट झालेल्या क्लॉडियसला राजवाड्यातून उचलून छावणीत नेले. तसेच ओथोला फोरममधून उचलून छावणीत नेले. नीरोही छावणीत जाऊन, शिपायांना बक्षिसी कबूल करून मगच सिनेटसमोर गेला. नवा सम्राट आधी छावणीत घोषित होत असे आणि मग सिनेट त्याला मान्यता देत असे, हा क्रम पायांना कळायचा असेल तर शेवट तटापाशी व्हायला हवा. मी हे मार्गदर्शिकेला सांगितले. तिने पॅलेटाइनच्या प्रवेशाच्या ठरलेल्या वेळांची अडचण सांगितली, ती खरीही असेल. पण चार तासांची फेरी आखताना हे जमवण्याजोगे आहे असे माझे मत आहे.

पॅलेटाइनवर आम्ही थेट भुयारी मार्गात गेलो. क्रिप्टोपोर्टिकस म्हणून ओळखला जाणारा हा मार्ग जवळजवळ १३० मीटर लांब आहे, अर्धा जमिनीखाली, आणि वरच्या झरोक्यांतून ठरावीक अंतराने उजेडाचे तिरपे पट्टे फरशीवर पडतात. एका पट्ट्यातून दुसऱ्यात जाताना समोरून येणाऱ्या माणसाचा चेहरा दिसतो, नाहीसा होतो आणि पुन्हा दिसतो. इ.स. ४१ च्या २४ जानेवारीला कॅलिगुला टेकडीवर चाललेल्या खेळांतून उठून जेवणासाठी राजवाड्याकडे निघाला, आणि अशाच एका अरुंद वाटेत केरियाने व त्याच्या साथीदारांनी त्याला गाठले. मार्गदर्शिकेने इथे एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगितली, आणि त्याबद्दल तिचे कौतुक करायला हवे: या मार्गाचे नाव कॅलिगुलाच्या नंतरचा सम्राट नीरो याच्याशी जोडलेले आहे, म्हणून ‘खून इथेच झाला’ असे छातीठोकपणे सांगणाऱ्या मार्गदर्शकांवर विसंबू नये. तिने जागा सुचवली, ठासून सांगितली नाही.

त्यानंतरची हकीकत तिने अधिक वेळ घेऊन सांगितली आणि ते योग्यच झाले. खुनानंतर राजवाड्यात धावपळ उडाली असता पन्नाशीचा क्लॉडियस, म्हणजे कॅलिगुलाचा काका, एका पडद्याआड लपला. ग्रेटस नावाच्या शिपायाला पडद्याखाली पाय दिसले. त्याने पडदा ओढला, भेदरलेला क्लॉडियस त्याच्या पाया पडला, आणि शिपायाने त्यालाच सम्राट म्हणून वंदन केले. त्याला पालखीत घालून छावणीत नेले. तिकडे कॅपिटॉल टेकडीवर सिनेट प्रजासत्ताक परत आणण्याची चर्चा करीत होती; इकडे क्लॉडियसने प्रत्येक शिपायाला १५,००० सेस्टर्स कबूल केले, जवळजवळ पाच वर्षांचा पगार. दुसऱ्या दिवसापर्यंत चर्चेत अर्थ उरला नव्हता. केरियाला पुढे देहदंड झाला. म्हणजे सम्राटाला मारणारे अधिकारी एक गोष्ट मनात धरून होते, आणि त्यांच्याच दलातल्या शिपायांनी भलतीच करून दाखवली. दल म्हणजे एका मनाचा गट नव्हे, हे या प्रसंगातून इतके स्वच्छ कळते की नंतरच्या दोनशे-अडीचशे वर्षांतल्या घडामोडी समजायला सोप्या जातात.

इथे प्रत्येकाच्या हातात एका सोन्याच्या नाण्याची धातूची प्रतिकृती दिली जाते. क्लॉडियसने असे दोन प्रकार पाडले होते. एकावर छावणीचा तट आहे आणि त्यावर ‘इंपेर रेसेप्ट’, सम्राटाचा स्वीकार झाला, अशी अक्षरे. दुसऱ्यावर टोगा (रोमन नागरिकांचे अंगावर गुंडाळायचे वस्त्र) घातलेला सम्राट आणि ढाल-निशाण घेतलेला शिपाई हस्तांदोलन करताना दिसतात. प्रतिकृती नखाएवढीच, पण तिच्यावरच्या तटाची दातेरी किनार बोटाला लागते, आणि सकाळी विटांत पाहिलेले ते चौकोन एकदम आठवतात. या दलाने आपल्याला गादीवर बसवले हे एका राज्यकर्त्याने लपवले नाही. उलट सोन्यावर छापून वाटले. मी ती प्रतिकृती परत करायला विसरले असते, इतकी ती हातात रुळली होती.

भुयारी मार्गात उभे असताना आम्हा तिघांच्याही मनात एकच नाव आले होते आणि ते प्रथम माझ्या यजमानांनी उच्चारले. १७७३ सालच्या ३० ऑगस्टला शनिवारवाड्यात सुमेरसिंग गारद्याच्या लोकांनी नारायणराव पेशव्यांना मारले. पुण्यात वाढलेल्या माणसाला वाड्यातला पहारा वाड्याच्या धन्यावर उलटणे ही गोष्ट कोणी समजावून सांगावी लागत नाही. पण बाबांनी एक फरक दाखवला जो मला महत्त्वाचा वाटतो. गारद्यांनी खून केला, गादी कोणाला द्यायची हे मात्र त्यांच्या हाती राहिले नाही. राघोबादादांनाही ती टिकवता आली नाही, कारण कारभारी एकत्र आले आणि बारभाईंनी कारभार हाती घेतला. रोममध्ये असे बारभाई उभे राहू शकले नाहीत, कारण सिनेटकडे शब्द होते आणि शहरातली फौज छावणीत होती.

फोरममध्ये तीन थांबे आहेत. शनीच्या देवळाजवळ सोनेरी मैलाचा दगड उभा होता, त्या जागी इ.स. ६९ च्या १५ जानेवारीला ओथोला २३ शिपायांनी सम्राट म्हणून वंदन केले. आमच्या दहा जणांच्या गटाच्या दुपटीहून थोडे अधिक! त्यांनी त्याला खुर्चीवर बसवून छावणीकडे नेले, वाटेत आणखी काही जण येऊन मिळाले, आणि संध्याकाळपर्यंत गादी बदलली होती. वृद्ध सम्राट गाल्बाला तिथून जवळच, लाकुस कुर्तियुस या खोलगट फरसबंद जागेपाशी मारले. त्याच्या नावाने दलाच्या प्रमुखाने माणशी ३०,००० सेस्टर्स कबूल केले होते आणि गाल्बाने ते देण्यास नकार दिला होता: मी शिपाई निवडतो, विकत घेत नाही, असे तो म्हणाला होता. त्या दिवशी सम्राटाच्या बाजूने हत्यार उपसून उभा राहणारा एकच प्रिटोरियन अधिकारी होता, सेंप्रोनियस डेन्सस. तो एकटा लढला आणि तिथेच पडला. मार्गदर्शिका त्याचे नाव घेऊन क्षणभर थांबली, आणि मला ते फार आवडले. या दलाची गोष्ट सांगताना त्यातल्या इमानी माणसाचा उल्लेख बहुतेक जण गाळतात.

तिसरा थांबा सेप्टिमियस सेव्हेरसच्या कमानीपाशी, आणि इथे सकाळची अर्धी राहिलेली गोष्ट पूर्ण झाली. डॅन्यूब नदीवरच्या फौजा घेऊन सेव्हेरस रोमवर चालून आला तेव्हा पैसे घेऊन ज्युलियानसला बसवणाऱ्या शिपायांनी त्याच्यासाठी तलवार उचलली नाही. ६६ दिवसांचे राज्य भोगून तो मारला गेला. मी कोणाचे काय वाईट केले, कोणाला मारले, असे तो शेवटी विचारीत होता. नंतर सेव्हेरसने सगळ्या प्रिटोरियनांना शहराबाहेर निःशस्त्र बोलावले. ते आले, आणि त्याच्या फौजांनी त्यांना वेढले. त्यांचे पट्टे, खंजीर, निशाण्या काढून घेतल्या आणि रोमपासून शंभर मैलांच्या आत पुन्हा पाऊल टाकायचे नाही असे बजावले. घोडे सोडून द्यावे लागले. एक घोडा आपल्या स्वाराच्या मागे खिंकाळत येऊ लागला, हाकलले तरी जाईना. शेवटी त्या स्वाराने घोड्याला मारले आणि मग स्वतःला. ही हकीकत डिओने नोंदवली आहे. मार्गदर्शिकेने ती कोणताही अभिनय न करता दोन वाक्यांत सांगितली, तरी आमच्यातल्या एका बाईंचे डोळे भरून आले. सेव्हेरसने दल बरखास्त केले असे आपण समजतो, पण पुढच्याच वाक्यात कळते की त्याने लगेच आपल्या फौजांतल्या माणसांचे नवे दल त्याच छावणीत भरले, आणि शिवाय एक अख्खे लीजन रोमजवळ आल्बानोला आणून ठेवले.

शेवटचा थांबा फोरमच्या बाहेर, सान जॉर्जो इन व्हेलाब्रो या चर्चला चिकटलेली सराफांची कमान. सराफ आणि गुरांचे व्यापारी यांनी इ.स. २०४ मध्ये सेव्हेरसच्या कुटुंबाच्या सन्मानार्थ ती बांधली. ठेंगणी असल्यामुळे नक्षी अगदी जवळून पाहता येते. बाजूला प्रिटोरियन दलाची निशाणे कोरलेली आहेत. आतल्या एका शिल्पपटात सेव्हेरसचा मुलगा कॅराकॅला यज्ञ करतो आहे आणि त्याच्या शेजारी दगड नुसता खरवडलेला आहे. तिथे त्याची पत्नी प्लॉटिला आणि तिचा बाप प्लॉटियानस, म्हणजे दलाचा प्रमुख आणि सम्राटाखालोखालचा सत्ताधीश, हे दोघे होते असे मानतात. इ.स. २०५ च्या जानेवारीत प्लॉटियानसचा खून झाला आणि त्याच्या आकृत्यांवर छिन्नी चालली. समोरच्या पटावरची गेटाची, म्हणजे कॅराकॅलाच्या भावाची, आकृती अशीच नाहीशी केली आहे. कॅराकॅलाच्या शेजारी, नक्षीच्या सगळ्या बारीक कामात, तो खरवडलेला पट्टा उन्हात खडबडीत दिसतो. एवढा थांबा पाहण्यासाठीसुद्धा मी ही फेरी पुन्हा करीन.

मात्र फेरीत एक उणीव मला खटकली आणि ती नोंदवणे भाग आहे. दलाचे प्रमुख म्हणजे कारस्थानी माणसे, असाच ग्रह चार तासांनंतर होतो. प्लॉटियानसच्या पतनानंतर त्याच पदावर पॅपिनियन हा रोमचा थोर कायदेपंडित बसला होता, आणि पुढे अल्पियनही. कॅराकॅलाने गेटाला मारल्यानंतर पॅपिनियनचा जीव घेतला गेला, आणि अल्पियन तर आपल्याच शिपायांच्या हातून मारला गेला. हे पद पहाऱ्यापुरते न राहता न्यायदानापर्यंत पोचले होते, आणि ज्या कायद्याने पुढे युरोपला वळण लावले त्याचा मोठा भाग याच पदावरच्या माणसांनी लिहिला, हे सांगितल्याशिवाय राजसत्तेवरच्या त्यांच्या प्रभावाचे चित्र अपुरे राहते. मी विचारले तेव्हा मार्गदर्शिकेने उत्तम उत्तर दिले. ते न विचारता यायला हवे. तसेच दलप्रमुखपदावरून थेट गादीवर बसलेला मॅक्रिनस एका वाक्यात उरकला गेला.

शेवटही घाईचा झाला. मॅक्सेन्शियसला प्रिटोरियनांनी इ.स. ३०६ मध्ये गादीवर बसवले, ३१२ च्या २८ ऑक्टोबरला मिल्व्हियन पुलाजवळ ते त्याच्यासाठी लढले आणि हरले, आणि कॉन्स्टन्टाइनने दल कायमचे मोडून छावणीच्या तटाची शहराकडची बाजू पाडली. बाहेरच्या तीन बाजू शहराच्या संरक्षणाला लागत होत्या, म्हणून त्या उभ्या राहिल्या आणि आज आपल्याला दिसतात. हे सगळे पाच मिनिटांत, घड्याळाकडे पाहत सांगितले गेले. सम्राटाच्या घोडेस्वार रक्षकांची छावणीही कॉन्स्टन्टाइनने पाडली आणि तिच्यावर लॅटरनचे मोठे चर्च उभे राहिले. तिथे जाणे वेळेत बसत नसेल तर निदान नकाशावर ती जागा दाखवायला हवी होती.

आता व्यवहाराच्या गोष्टी. आरक्षण हाताळणाऱ्या कार्यालयाने आदल्या रात्री सुरू होण्याची वेळ अर्ध्या तासाने अलीकडे आणली आणि त्याचा निरोप फक्त ईमेलने पाठवला. आम्ही तो सकाळी योगायोगाने पाहिला म्हणून पोचलो. एका कुटुंबाचा तटाचा अर्धा भाग हुकला, आणि त्याबद्दल त्यांना काहीच भरपाई मिळाली नाही. ईमेलबरोबर फोनवर संदेश पाठवणे अवघड नाही. कानाला लावायची यंत्रे तटाजवळच्या वाहतुकीत खरखरत होती. मार्गदर्शिकेच्या जवळ उभे राहावे. पॅलेटाइनचा चढ आणि फोरमचे ओबडधोबड दगड वयस्कर माणसांना त्रासदायक आहेत, पण मार्गदर्शिकेने बाबांसाठी दोनदा थांबून घेतले आणि सावलीतली बसायची जागा आधी हेरून ठेवली होती. क्रिप्टोपोर्टिकस काही दिवशी बंद असतो, म्हणून आरक्षण करताना तारीख विचारून घ्यावी; तो वगळून ही फेरी घेण्यात अर्थ नाही. प्रिटोरियनांचे प्रसिद्ध शिल्प फ्रान्समध्ये, लूव्हर संग्रहालयाच्या संग्रहात असल्यामुळे इथे त्याचे फक्त छायाचित्र दाखवतात. बारा वर्षांखालील मुलांना मी नेणार नाही, कारण गोष्ट खुनांची आहे आणि ती लपवून सांगितलेली नाही.

उतरताना पॅलेटाइनवरच संत सेबॅस्टियनचे लहानसे चर्च आहे. परंपरेप्रमाणे सेबॅस्टियन हा सम्राट डायोक्लेशियनच्या रक्षक दलातला अधिकारी होता आणि श्रद्धेपायी त्याला बाणांनी विंधण्यात आले. पणजीच्या फोंटेन्यासमधले त्याच्या नावाचे कपेल ज्यांनी पाहिले आहे त्यांनी दोन मिनिटे वाट वाकडी करून इथे जावे. फेरीत हा थांबा नाही, पण विनंती केली तर मार्गदर्शिका थांबते.

एवढे पैसे खर्च करायचे नसतील तर निदान छावणीचा तट स्वतःहून पाहून यावा. त्याला तिकीट नाही, तो दिवसभर रस्त्यावर उभा आहे. कास्त्रो प्रेतोरियो स्थानकातून बाहेर पडून विआले देल पोलिक्लिनिकोच्या बाजूला चालत जावे, सकाळी जावे, आणि उंचावर विटांचा रंग जिथे बदलतो तिथे नजर लावून दाते दिसेपर्यंत थांबावे.